आई-बाबांना फेनवेवर मॅच दाखवायचीय? समोर कोण खेळतंय ते सगळ्यात शेवटी बघा

प्रश्न असा आलाय की आई-बाबा मे अखेरीस बोस्टनला येतायत, ऑगस्टच्या मध्यापर्यंत आहेत, बाबा सत्तरीचे, गुडघे दुखतात, आयुष्यभर क्रिकेट बघितलेलं, आणि त्यांना एकदा फेनवे पार्कवर बोस्टनच्या रेड सॉक्सची बेसबॉल मॅच दाखवायचीय, तर न्यूयॉर्कच्या यांकीजचीच मॅच धरावी का आणि ग्रीन मॉन्स्टर नावाच्या तिथल्या उंच भिंतीच्या वरच्या सीट घ्याव्यात का. माझं उत्तर दोन्हीला नाही असं आहे, आणि का ते नीट सांगतो कारण ही चूक मी स्वतः माझ्या वडिलांच्या वेळी केलेली आहे.

मी २००९ पासून इथे आहे, वर्षाला पंधरा-वीस मॅच बघतो, आमच्या मंडळाची ग्रुप तिकिटं दरवर्षी मीच काढतो, आणि उन्हाळ्यात शनिवारी सकाळी लहान मुलांच्या लीगमध्ये अंपायरिंग करतो. भारतातून आलेले आईवडील, सासूसासरे, मामा-मामी असे साठ-सत्तर जण तरी आजवर फेनवेला नेले असतील. त्यातून एकच गोष्ट पक्की कळलीय. समोर कुठली टीम आहे यावर ज्येष्ठ माणसांचा दिवस ठरत नाही, तो ठरतो तारीख, वेळ आणि बसायची जागा यावर. म्हणून वेळापत्रक उलट्या बाजूने वाचायचं, टीमचं नाव सगळ्यात शेवटी.

आधी वेळापत्रक कसं चालतं ते. प्रत्येक टीम सीझनला १६२ मॅच खेळते, त्यातल्या ८१ घरच्या मैदानावर. एवढ्या मॅच म्हणजे आयपीएलसारखं आठवड्यात दोनदा नाही, जवळजवळ रोज. टीम आठवडा-दहा दिवस घरी असते, त्याला होमस्टँड म्हणतात, मग बॅगा भरून आठवडा-दहा दिवस बाहेर. त्यामुळे तुम्ही साइटवर जाऊन 'जूनचा दुसरा वीकेंड' असं डोक्यात धरून बसलात आणि नेमकी तेव्हा टीम बाहेरगावी असली की काहीच करता येत नाही, त्या दिवसांत मैदानावर कुठल्यातरी गायकाची कॉन्सर्ट असते. जुलैच्या मध्यावर ऑल स्टार ब्रेक असतो, तेव्हाही तीन-चार दिवस काही नाही. म्हणून कॅलेंडर उघडलं की पहिल्यांदा मे अखेर ते ऑगस्ट मध्य यातले होमस्टँड पेन्सिलने गोल करा, तुमच्या हातात खरे दिवस किती आहेत ते दिसेल.

२०२३ पासून वेळापत्रकाची पद्धत बदलली, आता प्रत्येक टीम सीझनमध्ये बाकीच्या सगळ्या २९ टीमशी खेळते. आपल्या गटातल्या चार टीमशी, म्हणजे यांकीज, ब्लू जेज, रेज आणि ओरिओल्सशी प्रत्येकी १३ मॅच, म्हणजे यातली प्रत्येक टीम फेनवेवर सहा-सात वेळा तरी दिसणार. बाकीच्यांपैकी ज्या येतात त्या एखाद्या सिरीजपुरत्या, म्हणजे सलग तीन-चार मॅचपुरत्या. आता यांकीज आल्या की काय होतं तर तिकिटाचा भाव कधीकधी दुप्पट, बाहेर गर्दी, आत गर्दी, बाथरूमला रांग, आणि आपल्या बाबांना त्या वैराचा इतिहास माहीत नसतो. १९१८ नंतर ८६ वर्षं बोस्टनला वर्ल्ड सिरीज, म्हणजे सीझनचं अजिंक्यपद, मिळाली नाही, बेब रूथ या थोर खेळाडूला यांकीजना विकल्याचा शाप म्हणून लोक तीन पिढ्या रडले, मग २००४ साली यांकीजकडे ०-३ ने मागे असताना सलग चार मॅच काढल्या आणि पुढे जाऊन कप आणला. हे ज्याच्या पोटात आहे त्याला यांकीजच्या मॅचला अंगावर काटा येतो. पहिल्यांदा आलेल्या माणसाला फक्त गोंगाट ऐकू येतो. तेच मंगळवारी संध्याकाळी एखादी मधल्या राज्यातली टीम आलेली असताना गेलात तर तेच मैदान, तीच भिंत, तोच खेळ, आणि शेजारचे आजोबा वळून तुमच्या बाबांना दोन गोष्टी समजावून सांगायला मोकळे असतात.

वार आणि वेळ. आठवड्यातल्या मॅच बहुतेक संध्याकाळी पावणेसात किंवा सातच्या सुमारास सुरू होतात, रविवारी दुपारी दीडच्या आसपास, शनिवारी कधी दुपारी कधी चार वाजता कधी संध्याकाळी. अजून एक प्रकार आहे जो लोकांच्या लक्षात येत नाही, सिरीजचा शेवटचा दिवस बुधवार किंवा गुरुवार असेल आणि त्या रात्री टीमला विमान पकडायचं असेल तर मॅच दुपारीच ठेवतात, त्याला गेटअवे डे म्हणतात. ज्येष्ठ लोकांना न्यायला माझ्या मते हीच सगळ्यात चांगली मॅच. तुम्हाला ऑफिसमधून एक दिवस सुट्टी टाकावी लागेल, टाका. गर्दी कमी, लहान मुलांचे कॅम्प आलेले असतात, आणि साडेचार-पाचला सगळं आटपून माणसं उजेडात घरी. रविवारची दुपारपण चालेल, फक्त एक सांभाळा, राष्ट्रीय टीव्हीने ती मॅच उचलली तर दुपारची मॅच संध्याकाळी सातनंतर सरकते आणि हे थोडेच दिवस आधी कळतं.

आल्या आल्या पहिल्या दहा दिवसांत संध्याकाळची मॅच अजिबात नको. इथे संध्याकाळचे सात म्हणजे आपल्याकडे पहाटेचे साडेचार, दुसऱ्या इनिंगला माना पडायला लागतात. मी बघितलंय, माझ्या मित्राचे सासरे अख्खी मॅच झोपले आणि दुसऱ्या दिवशी त्यांना त्याचं इतकं वाईट वाटलं की बिचारे माफी मागत होते.

मॅच किती वेळ चालते हे विचारतातच लोक. २०२२ साली सरासरी तीन तास चार मिनिटं होती, २०२३ ला पिचरवर, म्हणजे बॉल टाकणाऱ्यावर, घड्याळ लावलं, बेसवर धावायला कोणी उभं नसेल तर १५ सेकंदात बॉल टाकायचाच, तेव्हापासून ती दोन तास चाळीसवर आली. वीस ओव्हरच्या मॅचपेक्षाही कमीच. जुन्या लोकांनी पहिल्यांदा नाकं मुरडली पण मला हा बदल मनापासून आवडतो, ज्येष्ठांना नेणाऱ्यासाठी तर फारच सोय झाली.

आता सीट, आणि इथे जरा थांबून वाचा कारण खरी गडबड इथेच होते. फेनवे २० एप्रिल १९१२ ला उघडलं, टायटॅनिक बुडाल्याला आठवडापण झाला नव्हता. मेजर लीगमधलं आज वापरात असलेलं सगळ्यात जुनं मैदान. जुनं म्हणजे छप्पर लोखंडी खांबांवर उभं आहे आणि ते खांब प्रेक्षकांच्या मधोमध आहेत. ग्रँडस्टँड म्हणतात त्या भागात निळ्या लाकडी खुर्च्या आहेत, त्यातल्या कितीतरी १९३४ च्या, तेव्हाच्या माणसांच्या मापाच्या, गुडघा पुढच्या खुर्चीला टेकतो. माझे वडील पहिल्यांदा आले तेव्हा मी यांकीजची मॅच धरली, तिकिटं महाग म्हणून त्यातल्या त्यात स्वस्त दिसल्या त्या सीट घेतल्या, आणि जाऊन बसलो तर वडिलांच्या बरोब्बर समोर खांब. पिचर दिसतोय, बॅटर दिसत नाही. ते तीन तास एकदा डावीकडे एकदा उजवीकडे झुकत होते आणि मी विचारलं की म्हणायचे, नाही नाही छान दिसतंय. तिकिटावर 'ऑब्स्ट्रक्टेड व्ह्यू' लिहिलेलं होतं, मी वाचलं नव्हतं. तेव्हापासून मी एकही तिकीट त्या सीटवरून दिसणारा फोटो बघितल्याशिवाय काढत नाही, आणि तुम्हीही काढू नका, तसे फोटो नेटवर सहज मिळतात.

तुमच्यासाठी माझी निवड म्हणजे, खुर्च्या अडचणीच्या असल्या तरी, ग्रँडस्टँडच, पण होम प्लेटच्या (बॅटर उभा राहतो ती जागा) मागे किंवा तिसऱ्या बेसच्या बाजूला, म्हणजे तिथून मैदानाकडे बघताना डावीकडे, पुढच्या ओळींपैकी, खांबापासून लांब. कारण सांगतो. डोक्यावर छप्पर आहे, म्हणजे दुपारचं ऊन कमी लागतं आणि सर आली तरी बसल्या जागी बहुतेक कोरडे. मागच्या ओळी नकोत कारण तेच छप्पर उंच उडालेला बॉल झाकतं, सगळे उभे राहून ओरडतात आणि तुम्हाला काय झालं तेच कळत नाही. तिसऱ्या बेसची बाजू अशासाठी की सूर्य त्या बाजूच्या मागे मावळतो. उजव्या फील्डकडे आणि ब्लीचर्समध्ये (होम प्लेटच्या समोरच्या टोकाच्या, बिनछपराच्या जागा) बसलात तर जूनमध्ये संध्याकाळी बराच वेळ सूर्य थेट डोळ्यांत, हात कपाळावर धरून मॅच बघायची. शिवाय उजव्या फील्डच्या कितीतरी खुर्च्यांची तोंडं होम प्लेटकडे नाहीतच, समोर बघितलं तर मैदानाचा मधला भाग, मान सतत वळलेली. सत्तरीच्या माणसाला ते नको.

आणि ग्रीन मॉन्स्टर. डाव्या फील्डची ती ३७ फूट उंच हिरवी भिंत, होम प्लेटपासून जेमतेम ३१० फुटांवर, म्हणजे ९५ मीटरच्या आत. तिच्या वर २००३ साली सीट बसवल्या. तिकिटं मिळायला मारामार, उंच स्टुलासारख्या खुर्च्या, वर छप्पर नाही, चढून जायचं, आणि तिथून पिचर-बॅटरचं जे खरं नाट्य आहे ते लांब राहतं. शिवाय भिंतीवर बसलेल्याला भिंत कशी दिसणार? ती समोरून बघायची गोष्ट आहे. वरून बघायची हौस असेल तर दिवसा मैदानाची टूर असते तासाभराची, तिच्यात बहुतेक वेळा तिथे वर नेतात, ती वेगळ्या दिवशी करा.

ती भिंत खेळ कसा बदलते ते बाबांना नक्की दाखवा. दुसऱ्या मैदानावर सहज कॅच झाला असता असा उंच बॉल इथे भिंतीला घासून खाली पडतो आणि बॅटर दुसऱ्या बेसवर. आणि दुसरीकडे सरळ होमरन, म्हणजे आपल्या सिक्सरसारखा, गेला असता असा सणसणीत सपाट फटका भिंतीवर आदळून इतक्या जोरात परत येतो की फील्डर उचलून फेकतो आणि बॅटरला पहिल्याच बेसवर थांबावं लागतं. इथला डावा फील्डर चांगला की वाईट ते त्याला भिंतीवरून येणारा बॉल वाचता येतो का यावर ठरतं. क्रिकेट बघितलेल्या माणसाला हे एका मिनिटात कळतं आणि आवडतं.

भिंतीच्या पायाशी हाताने चालवायचा स्कोअरबोर्ड आहे. आत माणसं बसलेली असतात, भिंतीच्या आत, आणि आकड्यांच्या पाट्या लावतात. दुसऱ्या गावच्या मॅचचे स्कोअरपण तिथेच. नीट बघितलंत तर दिसेल, इनिंग चालू असेपर्यंत आकडा पिवळा, संपली की तिथे पांढरा येतो. माझ्या वडिलांना सगळ्या मैदानात हीच गोष्ट सगळ्यात जास्त आवडली. पुण्यात त्यांच्या लहानपणी क्लबच्या मॅचला खिळ्यांवर पत्र्याच्या पाट्या टांगायचे, शाळेतल्या पोरांना ते काम मिळावं म्हणून भांडणं व्हायची, ते सगळं त्यांनी तिथे बसून मला सांगितलं. तोपर्यंत मला माहीतच नव्हतं की वडील स्वतः ते काम करायचे.

बाबांना खेळ कसा समजवायचा. घरी नियम शिकवत बसू नका, कंटाळतात. फक्त चार गोष्टी सांगा. टॉस नसतो, पाहुणे आधी बॅटिंग करतात आणि घरचे नेहमी नंतर, म्हणून घरची टीम पुढे असेल तर नवव्या इनिंगचा दुसरा भाग खेळतच नाहीत. तीन आउट झाले की बाजू बदलते, अशा नऊ इनिंग. चार 'वाइड' पडले की बॅटर फुकटात पहिल्या बेसवर. आणि ड्रॉ नाही, बरोबरी असेल तर पुढे चालूच. बाकी मैदानावर आपोआप येतं. आणि एक गोष्ट मुद्दाम सांगा की दहापैकी तीन वेळा हिट मारणारा, म्हणजे फटका मारून बेस गाठणारा, बॅटर इथे फार मोठा मानतात. नाहीतर आपल्या लोकांना वाटतं की हे कोणीच नीट खेळत नाहीयेत. टेस्ट मॅचच्या पहिल्या तासासारखं बघायला सांगा, रन किती झाले ते नको, पिचर काय रचतोय ते.

मी स्कोअरशीट घरून छापून नेतो आणि वडीलधाऱ्यांच्या हातात पेन्सिलीसकट देतो. फील्डिंगच्या जागांना एक ते नऊ नंबर असतात, पिचर एक, कॅचर दोन असे. शॉर्टस्टॉपने (दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसच्या मधला फील्डर) उचलून दुसऱ्या बेसला आणि तिथून पहिल्या बेसला फेकून दोन आउट झाले तर ६-४-३ असं लिहायचं, पिचरनेच बॅटरला आउट केलं, म्हणजे स्ट्राइक-आउट झाला, की इंग्रजी के. रेडिओवर कॉमेंटरी ऐकत वहीत स्कोअर लिहिलेली ती पिढी आहे, दुसऱ्या इनिंगपर्यंत हात बसतो आणि मग त्यांना कोणी काही समजवावं लागत नाही. शेजारचे अमेरिकन आजोबा शीट बघून बोलायला येतातच, कारण इथेही आता हाताने लिहिणारे फार उरले नाहीत.

मॅच दुपारची असेल तर अजून एक गंमत दाखवा, सेंटरफील्डच्या मागच्या ब्लीचर्समधला मधला एक तुकडा रिकामा ठेवून गडद कापडाने झाकलेला असतो. आपल्याकडे लाल बॉल दिसावा म्हणून पांढरा साइटस्क्रीन, इथे पांढरा बॉल दिसावा म्हणून काळोखा. उजव्या बाजूच्या ब्लीचर्समध्ये हिरव्या खुर्च्यांत एकच लाल खुर्ची दिसेल, सेक्शन ४२, ओळ ३७, सीट २१. रेड सॉक्सचा थोर बॅटर टेड विल्यम्सने ९ जून १९४६ ला मारलेला बॉल तिथे पडला, ५०२ फूट, आणि एका प्रेक्षकाच्या गवती टोपीवर पडला. तुमच्या सीटवरून ती खुर्ची शोधून द्या आणि मग होम प्लेटकडे बोट दाखवा, आकडा सांगायची गरज पडत नाही.

पाऊस. जूनमध्ये इथे पाऊस येतो. पाच इनिंग झाल्या असतील तर मॅच झाली असं धरतात आणि तिकीट संपलं. त्याआधीच मॅच पुढे ढकलली तर तेच तिकीट नव्या तारखेला चालतं, पैसे परत मिळतील असं धरू नका. म्हणून आई-बाबांच्या परतीच्या आठवड्यात मॅच ठेवू नका, पुढे ढकलली तर ते भारतात आणि तिकीट तुमच्या फोनमध्ये. एप्रिलमध्ये कोणी येत असेल तर मी तर सरळ नाहीच म्हणतो. एका वर्षी मी मंडळाचा चाळीस जणांचा ग्रुप एप्रिलमध्ये नेला, तिकिटं स्वस्त म्हणून, वारा इतका गार की चौथ्या इनिंगला सगळे उठले, दोन आज्यांचे ओठ निळे पडले होते. मला ते आजही टोचतं. एप्रिलमध्ये फक्त एकच दिवस थंडीत कुडकुडण्यालायक आहे, तिसऱ्या सोमवारी पेट्रियट्स डेला मॅच सकाळी अकराच्या सुमारास असते, संपवून बाहेर पडलं की मैदानाजवळच्या केनमोर स्क्वेअरमधून बोस्टन मॅरेथॉनचे धावपटू जाताना दिसतात, शेवटचा एक मैल उरलेला असतो त्यांचा. पण ते तुमच्या तारखांत नाही.

जायचं कसं. गाडी मैदानापर्यंत नेऊ नका, पार्किंगचे भाव तिकिटाएवढे. तुम्ही वेस्टबरो-श्रूजबरीकडे असाल, आपली बरीच मंडळी तिकडेच आहेत, तर वूस्टर लाइनची कम्युटर रेल घ्या, लॅन्सडाउन स्टेशन मैदानाला लागूनच आहे. फक्त परतीच्या गाड्या कमी असतात, वेळ आधीच लिहून ठेवा. नाहीतर रिव्हरसाइडला गाडी लावून ग्रीन लाइनची डी गाडी. सगळे केनमोरला उतरतात, पण तुम्ही एक स्टेशन आधी फेनवेला उतरा, नाव फेनवे असलं तरी तिथून दहा मिनिटं सावकाश चालावं लागतं, पण गर्दीची ढकलाढकली नाही. गेट साधारण दीड तास आधी उघडतात, लवकर जा, जिने रिकामे असताना बाबांना हळूहळू चढू दे. गुडघे जास्तच दुखत असतील तर तिकीट काढतानाच जिना न लागणाऱ्या सीट मागा, लिफ्ट आहे, लाजू नका.

खाण्याचं पटकन सांगतो. हॉटडॉग आणि सॉसेजमध्ये बीफ किंवा पोर्क असतं, क्लॅम चावडर म्हणजे शिंपल्यांचं सूप, आई शाकाहारी असतील तर पिझ्झा, फ्राइज, पॉपकॉर्न आणि शेंगदाणे. शेंगदाणे सालीसकट मिळतात, टरफलं पायाशीच टाकायची पद्धत आहे, आईंना ते पटणार नाही, एक कागदी पिशवी जवळ असू द्या. आत रोख पैसे चालत नाहीत, कार्ड न्या. तिकिटं फोनवरच असतात, फोन चार्ज करून न्या आणि सगळ्यांची तिकिटं एकाच फोनवर ठेवा. मोठ्या बॅगा आत घेत नाहीत, किती मापाची चालते ते टीमच्या साइटवर आदल्या दिवशी बघून घ्या. औषधं छोट्या पर्समध्ये. एक स्वेटर जुलैमध्येसुद्धा.

सातव्या इनिंगच्या मध्ये सगळे उभे राहून हातपाय मोकळे करतात, बाबांनाही उभं करा, गुडघ्यांना बरं. आठव्याच्या मध्ये सगळं मैदान मिळून एक जुनं गाणं म्हणतं, दर मॅचला, जिंकत असोत की हरत असोत. गर्दी चुकवायला सातव्यानंतर निघायचा बेत असेल तर हे गाणं होईपर्यंत थांबा, मग निघा, ट्रेनला जागा मिळते.

एवढं जमलं की मग टीमचं नाव बघा. तारीख, वेळ, सीट सगळं जुळून यांकीजची मॅच येत असेल आणि पैसे परवडत असतील तर घ्याही, माझं काही म्हणणं नाही. आणि पेन्सिली दोन न्या. पहिल्या दोन इनिंग आई नुसत्या बघतात, तिसऱ्यापासून बाबांचं चुकलेलं दाखवायला लागतात.